जुनं नाट्यगृह वहीत कसं उतरवावं

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री आमच्या कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं. दुसऱ्या दिवशी गायक नट केशवरावांची जयंती. दगडी भिंती राहिल्या, छप्पर आणि रंगमंच गेला. पुन्हा उभारायची बोलणी सुरू झाली तेव्हा कुणीतरी मला विचारलं, दोन विंगांमध्ये, म्हणजे रंगमंचाच्या बाजूच्या आडोशांमध्ये, अंतर किती होतं? वीस वर्षं तिथं नेपथ्य लावलंय मी, पण आकडा सांगता आला नाही. फार लागलं ते मनाला. म्हणून सांगतो, तुमच्या गावचं नाट्यगृह धडधाकट आहे तोवरच त्याची नोंदवही करा.

पहिल्या पानावर इतिहास लिहा. आमच्या पानावर आहे: १९०२ च्या युरोप दौऱ्यात राजर्षी शाहू महाराजांनी तिकडची नाट्यगृहं पाहिली, १९१५ साली हे नाट्यगृह ‘पॅलेस थिएटर’ नावानं झालं, शेजारी खासबागचं कुस्ती मैदान, १९५७ मध्ये केशवरावांचं नाव दिलं. १९०८ साली ‘ललितकलादर्श’ ही नाटक मंडळी काढणारे केशवराव १९२१ च्या जुलैमध्ये बालगंधर्वांसोबत ‘संयुक्त मानापमान’ नाटकात उभे राहिले आणि ऑक्टोबरात गेले, अवघ्या ३१ व्या वर्षी. रंगमंचाखाली पाण्याचा खड्डा होता म्हणून आवाज घुमायचा, असं आम्ही ऐकत आलोय. त्यापुढं ‘ऐकीव’ असंच लिहिलंय. तुम्हीही तसंच करा.

मापं घ्यायला सकाळी जा, प्रयोग नसताना, परवानगी काढून. दोघं तरी हवेत. दर्शनी पडद्याची रेघ धरून मागच्या भिंतीपर्यंत खोली मोजा, मग रंगमंचाच्या दर्शनी कमानीची रुंदी, विंगांमधलं अंतर, पहिल्या रांगेपासून रंगमंचाची उंची. फोटोत टेप दिसलीच पाहिजे, नाहीतर नुसत्या फोटोवरून सुताराला काही कळत नाही.

आवाजाला मात्र अख्खा दिवस द्या. एकानं माईकशिवाय रंगमंचावर उभं राहून एकच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणायचं. दुसऱ्यानं पुढं, मध्ये, शेवटच्या रांगेत, बाल्कनीत बसून कुठला शब्द कुठं पडतो ते टिपायचं. भरल्या प्रयोगालाही ऐका, कारण माणसं आवाज शोषतात. रिकाम्या खुर्च्यांवरून केलेला अंदाज फसतो.

बारीकसारीक सोडू नका. आमच्याकडं डाव्या विंगेतली एक फळी पाय पडला की कुरकुरायची. हळव्या प्रवेशात आम्ही अंधारात ती चुकवून पलीकडं टांग टाकायचो. नव्या पोराला पहिली ओळख त्या फळीचीच करून द्यायचो.

मग माणसांकडं वळा. रंगभूषाकार, डोअरकीपर, चहा आणणारा. घरी बसवून विचारू नका, जागेवर न्या. ‘पूर्वी कसं होतं?’ म्हटलं की तेच ते ऐकायला मिळतं. ‘तुमची पेटी कुठं असायची? आरसा कुठल्या भिंतीला?’ असं विचारा, हात आपोआप तिकडं जातो.

वहीच्या तीन प्रती काढा. एक वाचनालयात, एक नाट्यसंस्थेत, एक स्वतःकडं. नाट्यगृहाच्या कपाटात एकुलती एक प्रत ठेवून येऊ नका.