फिकट पडलेले गाणे पुन्हा ऐकण्यासाठी: स्ट्रीमिंग सेवांवरील बंधने आणि त्यांतून निघणाऱ्या वाटा

प्लेलिस्टमधले एखादे गाणे अचानक फिकट पडते, त्यावर बोट ठेवले तरी काही होत नाही, आणि काही दिवसांनी ते यादीतून दिसेनासेही होते. असा अनुभव आला की बहुतेक जण ॲप काढून पुन्हा टाकतात. त्याने सहसा काही साधत नाही, कारण बिघाड ॲपमध्ये नसतोच. गाण्यावर कुलूप पडलेले असते. ते कुलूप आपणच केव्हातरी लावून विसरलो आहोत, कुटुंबाचे खाते सांभाळणाऱ्याने लावले आहे, की गाण्याच्या हक्कदाराने, हे कळल्याशिवाय किल्ली शोधण्यात अर्थ नाही. म्हणून आधी निदान आणि मग उपाय, याच क्रमाने जावे.

निदानाची सुरुवात गाणे डोळ्यांसमोर आणण्यापासून होते. स्पॉटिफायमध्ये न वाजणारी गाणी लपवण्याची किंवा दाखवण्याची सोय सेटिंगमध्ये आहे. ती लपवलेली असतील, तर यादीतून नेमके काय गेले हे कळतच नाही. त्यामुळे प्रथम ती दिसू द्यावीत. त्यानंतर फिकट गाण्याचा मूळ अल्बम उघडून त्यातली इतर गाणी वाजतात का, हे पाहावे. संपूर्ण अल्बम बंद असेल तर परवान्याचा प्रश्न असण्याची शक्यता मोठी आहे. ज्या गाण्यांपुढे ‘एक्स्प्लिसिट’ची, म्हणजे शिवराळ किंवा प्रौढ शब्द असल्याची, ‘ई’ ही खूण आहे तेवढीच बंद असतील, तर अशी गाणी अडवणारी गाळणी लागलेली आहे. आणि फक्त डाउनलोड केलेली गाणी वाजेनाशी झाली असतील, तर उत्तर आणखी सोपे आहे: स्पॉटिफायवर किमान ३० दिवसांतून एकदा इंटरनेटला जोडले जावे लागते, आणि एका उपकरणावर १०,००० गाणी व एकूण पाच उपकरणे ही डाउनलोडची मर्यादा आहे. ३० दिवसांची मुदत उलटली असेल, तर एकदा ऑनलाइन जाऊन आले की काम होते.

आपल्याच हाताने लागलेली गाळणी

शिवराळ किंवा प्रौढ शब्द असलेली गाणी अडवणारी गाळणी प्रत्येक सेवेत वेगळ्या जागी असते. स्पॉटिफायमध्ये ती ॲपच्याच सेटिंगमध्ये आहे. आयफोनवर ॲपल म्युझिकसाठी मात्र ती संगीताच्या ॲपमध्ये शोधून सापडणार नाही, कारण ती फोनच्या ‘स्क्रीन टाइम’ विभागातील आशयविषयक निर्बंधांत ठेवलेली आहे. फोन बदलताना जुनी सेटिंग नव्या फोनवर तशीच उतरते आणि मालकाला त्याचा पत्ताही नसतो, असे होऊ शकते. फॅमिली योजनेत ही गाळणी योजना सांभाळणारी व्यक्ती लावू शकते, आणि मग सदस्याला ती स्वतः काढता येत नाही. अशा वेळी त्या व्यक्तीशी बोलणे हाच उपाय आहे. लहान मुलांच्या खात्यावरचे कुलूप चुकवण्याच्या युक्त्या मी येथे देणार नाही.

एक गोष्ट मात्र लक्षात ठेवण्याजोगी आहे. गाण्याची ‘स्वच्छ’ आवृत्ती ही अनेकदा स्वतंत्र ध्वनिमुद्रण म्हणून नोंदलेली असते आणि तिचा अल्बमही वेगळा असतो. गाळणी ठेवूनही गाणे हवे असेल, तर शोधात त्याच गाण्याची ‘ई’ नसलेली नोंद पाहावी.

यूट्यूबच्या बाबतीत ‘रिस्ट्रिक्टेड मोड’, म्हणजे प्रौढ आशय अडवणारी सोय, खात्यावर, उपकरणावर किंवा चक्क नेटवर्कवर लागलेला असू शकतो. वायफाय बंद करून मोबाइल डेटावर तेच गाणे वाजत असेल, तर बंधन नेटवर्क चालवणाऱ्याचे आहे, आणि ते सैल करण्याची विनंतीही त्याच्याकडेच करायला हवी.

परवान्याचे कुलूप: गाणे गेले कुठे?

खरी गुंतागुंत येथे आहे. ध्वनिमुद्रित गाण्यावर किमान दोन हक्क असतात: एक शब्द-सुरावटीच्या रचनेचा आणि दुसरा त्या विशिष्ट ध्वनिमुद्रणाचा. हे दोन्ही हक्क देशागणिक वेगवेगळ्या हातांत असू शकतात आणि त्यांचे करार मुदतीचे असतात. यांतला एक धागा तुटला तरी गाणे थांबते. जर्मनीत गीतकार-संगीतकारांची हक्कसंस्था ‘गेमा’ आणि यूट्यूब यांच्यातला करार २००९ मध्ये संपला आणि नवा करार थेट २०१६ मध्ये झाला. मधल्या सात वर्षांत तेथील श्रोत्यांना असंख्य संगीत-व्हिडिओंच्या जागी केवळ एक सूचना दिसत राहिली. बीटल्सची गाणी स्ट्रीमिंगवर यायला २४ डिसेंबर २०१५ उजाडावा लागला. टेलर स्विफ्टने २०१४ मध्ये स्पॉटिफायवरून आपली गाणी काढली आणि २०१७ मध्ये परत आणली. डे ला सोल या हिप-हॉप गटाच्या सुरुवातीच्या अल्बममध्ये इतरांच्या ध्वनिमुद्रणांचे इतके तुकडे गुंफलेले होते की त्यांच्या परवानग्यांचा गुंता सुटून ते अल्बम स्ट्रीमिंगवर येण्यास मार्च २०२३ पर्यंत थांबावे लागले. तात्पर्य हे की गाणे नाहीसे होणे पुष्कळदा तात्पुरते असते. ते यादीतून घाईने पुसून टाकू नये. परवाना परत आला की फिकट गाणे आपोआप उजळू शकते.

तोवर काय करावे? सर्वांत उपयोगी आणि सर्वांत दुर्लक्षित उपाय म्हणजे त्याच ध्वनिमुद्रणाची दुसरी प्रत शोधणे. एकच गाणे मूळ अल्बम, निवडक गाण्यांचा संग्रह, चित्रपटाचा साउंडट्रॅक, नव्याने मास्टर केलेली (जुन्याच मुद्रणाचा आवाज सुधारून काढलेली) आवृत्ती अशा चार-पाच ठिकाणी असू शकते, आणि प्रत्येक ठिकाणचा परवाना वेगळा असू शकतो. प्लेलिस्टमध्ये मात्र आपण त्यांतली एकच नोंद ठेवलेली असते. ती बंद पडली की गाणेच गेले असे वाटते, प्रत्यक्षात ते शेजारच्या संग्रहात निर्धास्त वाजत असते. म्हणून अल्बमच्या नावाने न शोधता कलाकार आणि गाणे यांच्या नावाने शोधावे, आणि वरचे दोन-तीन निकाल पाहून न थांबता खालपर्यंत जावे.

सापडलेले गाणे तेच आहे की नाही, हे ठरवण्यासाठी ध्वनिमुद्रणाचा आंतरराष्ट्रीय क्रमांक, म्हणजे आयएसआरसी, कामी येतो. बारा अक्षर-अंकांच्या या क्रमांकात दोन अक्षरे उपसर्गाची, तीन नोंदणीदाराची, दोन अंक वर्षाचे आणि उरलेले पाच त्या नोंदीचे असतात. म्युझिकब्रेन्झ या खुल्या माहितीकोशात गाण्याचे पान उघडले, तर पुष्कळदा हा क्रमांक आणि ते ध्वनिमुद्रण कोणकोणत्या अल्बमांत आले आहे याची यादी एकत्र मिळते. ती यादी हातात घेऊन सेवेत एकेक अल्बम शोधणे हे थोडे किचकट पण फळ देणारे काम आहे. क्रमांक मिळाला नाही तर गाण्याची लांबी सेकंदापर्यंत ताडून पाहावी. जुन्या कलाकारांनी पुढे पुन्हा गाऊन ध्वनिमुद्रित केलेली तीच गाणी संग्रहांत सर्रास आढळतात. मुखपृष्ठ जुने, आवाज उतरलेला. अशी प्रत चालणार असेल तर प्रश्नच नाही, पण मूळ समजून ती जपून ठेवू नये.

गाणे स्वतंत्र कलाकाराचे असेल, तर आणखी एक सरळ मार्ग आहे: त्यालाच लिहावे. स्वतंत्र कलाकार वितरकामार्फत गाणी सेवांवर चढवतात आणि कोणत्या देशांत ती उपलब्ध असावीत हे त्या वेळी निवडतात. ही निवड नजरचुकीने अपुरी राहिलेली असू शकते, आणि श्रोत्याच्या एका नम्र पत्राने ती दुरुस्त होऊ शकते. मोठ्या कंपन्यांच्या गाण्यांबाबत मात्र अशा पत्राकडून फारशी अपेक्षा ठेवू नये.

देश बदलला तर

प्रवासाला निघालेल्यांसाठी: स्पॉटिफायचे मोफत खाते परदेशात १४ दिवसांपर्यंत चालते, सशुल्क खात्याला ही मर्यादा नाही. युरोपीय संघात १ एप्रिल २०१८ पासून लागू असलेल्या नियमानुसार सशुल्क ऑनलाइन सेवांच्या ग्राहकाला संघातील दुसऱ्या देशात तात्पुरता मुक्काम असताना घरच्यासारखीच सेवा मिळावी लागते. कायमचे स्थलांतर झाले असेल, तर खात्याचा देश रीतसर बदलावा. सशुल्क खात्यासाठी नव्या देशातील पैसे भरण्याचे साधन लागते. ॲपल खात्याचा देश बदलण्यापूर्वी शिल्लक रक्कम खर्च करावी लागते आणि चालू वर्गण्या संपवाव्या लागतात, त्यामुळे तो बदल वर्गणीची मुदत संपण्याच्या सुमारास करावा. देश बदलला की काही गाणी जातील, काही नवी येतील. म्हणून बदलापूर्वी आपल्या याद्यांची नोंद करून ठेवावी. ती कशी, ते शेवटी येईलच.

व्हीपीएनबद्दल स्पष्टपणे

हा विषय निघाला की पहिला सल्ला व्हीपीएनचाच मिळतो, म्हणून त्याचे मोजमाप नीट घ्यायला हवे. व्हीपीएन आपली जोडणी दुसऱ्या देशातील सर्व्हरमधून वळवते, आणि सेवेला आपला खरा आयपी पत्ता (इंटरनेटवरील आपल्या जोडणीचा क्रमांक) न दिसता त्या सर्व्हरचा दिसतो. पण खात्याचा देश केवळ आयपी पत्त्याने बदलत नाही. पैसे कोठून भरले जातात हेही पाहिले जाते. शिवाय प्रादेशिक बंधने चुकवण्यास स्पॉटिफायच्या नियमांत स्पष्ट मनाई आहे आणि नियमभंगासाठी खाते बंद करण्याचा अधिकार सेवा स्वतःकडे ठेवतात. व्हीपीएन वापरण्याविषयीचे कायदेही देशोदेशी निराळे आहेत. वर्षानुवर्षे जमवलेल्या याद्या एका अल्बमसाठी पणाला लावणे हा माझ्या मते तोट्याचा व्यवहार आहे, विशेषतः तो अल्बम विकत मिळत असताना.

सेवेतील गाणी कुलूप फोडून फाइलमध्ये उतरवणाऱ्या साधनांची गोष्ट याहून वेगळी आहे. १९९६ च्या आंतरराष्ट्रीय कॉपीराइट करारानंतर अमेरिकेने १९९८ मध्ये आणि पुढे अनेक देशांनी असे तांत्रिक संरक्षण तोडणे कायद्यानेच निषिद्ध ठरवले आहे. त्या वाटेला जाण्याचे कारणही उरत नाही, कारण खालची वाट अधिक टिकाऊ आहे.

स्वतःची फाइल: सर्वांत भक्कम उपाय

स्ट्रीमिंगमध्ये आपण गाणे विकत घेत नाही, ऐकण्याची मुभा घेतो. विकत घेतलेली फाइल मात्र परवाना संपला म्हणून कोणी आपल्या डिस्कवरून उचलून नेत नाही. आयट्यून्स स्टोअरमधील गाणी २००९ पासून कुलपाविना मिळतात. बँडकॅम्प आणि कोबुझ या ऑनलाइन दुकानांत फ्लॅकसारख्या दर्जा न घटवणाऱ्या स्वरूपातही ती घेता येतात. जुना अल्बम डिजिटल स्वरूपात मिळतच नसेल, तर सीडी शोधावी. वापरलेली सीडीसुद्धा चालते, आणि सीडीवर प्रादेशिक कुलूप नसते. विंडोजवर एक्झॅक्ट ऑडिओ कॉपी हा प्रोग्रॅम सीडीवरील आवाज काळजीपूर्वक वाचून फाइल तयार करतो. स्वतःच्या सीडीची खासगी प्रत काढण्याबाबत आपल्या देशाचा नियम काय आहे, तेवढे आधी पाहावे.

मूळ प्रत फ्लॅकमध्ये ठेवावी आणि तिच्यावरून एमपी३ प्रत करावी, कारण एमपी३ जवळजवळ सगळीकडे वाजते. त्यानंतर म्युझिकब्रेन्झचाच पिकार्ड हा मोफत प्रोग्रॅम चालवून गाण्याचे नाव, कलाकार, अल्बम आणि क्रम या नोंदी फाइलमध्ये भरून घ्याव्यात. आवाजाच्या ठशावरून तो गाणे ओळखतो. ही पायरी टाळली, तर पुढे ‘ट्रॅक ०७’ नावाची चाळीस गाणी एका ओळीत उभी राहतात, आणि ती निस्तरण्यात एक सुट्टी जाते, हे अनुभवाने सांगतो.

आता या फाइली नेहमीच्या ॲपमध्ये आणायच्या. यूट्यूब म्युझिकमध्ये संगणकावरून १,००,००० पर्यंत गाणी चढवता येतात; ती फक्त आपल्यालाच दिसतात आणि वर्गणी नसली तरी जाहिरातींविना वाजतात. ॲपल म्युझिकमध्ये लायब्ररी सिंक करण्याची सोय सुरू केली, की संगणकावरील गाणी, तेथेही १,००,००० च्या मर्यादेत, फोनवर येतात; मात्र वर्गणी थांबली की ही सोयही थांबते, म्हणून मूळ फाइली कधीच पुसू नयेत. स्पॉटिफाय फाइली चढवून घेत नाही. संगणकावरील ॲपच्या सेटिंगमध्ये ‘लोकल फाइल्स’ सुरू करून फोल्डर दाखवावा लागतो. तरीही त्याचा एक मोठा फायदा आहे: फिकट पडलेल्या गाण्याच्या जागी आपली फाइल त्याच प्लेलिस्टमध्ये ठेवता येते, आणि यादीचा क्रम मोडत नाही.

फार जुनी ध्वनिमुद्रणे हवी असतील, तर पैसे देण्याचीही गरज नसते. अमेरिकेत १९२३ पूर्वीची सर्व ध्वनिमुद्रणे १ जानेवारी २०२२ रोजी सार्वजनिक मालकीची झाली, आणि २०२४ पासून दर वर्षी आणखी एकेका वर्षाची त्यांत भर पडत आहे. लायब्ररी ऑफ काँग्रेसचा नॅशनल ज्यूकबॉक्स आणि इंटरनेट आर्काइव्ह येथे ती ऐकता येतात. इंटरनेट आर्काइव्हच्या लाइव्ह म्युझिक विभागात तर कलाकारांच्या संमतीने ठेवलेल्या मैफिली आहेत.

याद्यांची नोंद

गाणे नाहीसे झाल्यावर ‘ते नेमके कोणते होते’ हेच आठवत नाही. यासाठी वर्षातून दोनदा तरी याद्या सेवेबाहेर काढून ठेवाव्यात. स्पॉटिफायच्या खात्याच्या गोपनीयता विभागातून आपली माहिती मागवता येते आणि तिच्यात प्लेलिस्टही असतात. साउंडीझसारख्या सेवा यादी साध्या फाइलमध्ये उतरवतात किंवा एका सेवेतून दुसरीत नेतात. दुसऱ्या सेवेत नेलेली यादी वरपासून खालपर्यंत एकदा नजरेखालून घालावी, कारण जुळणी करताना मूळ गाण्याऐवजी मैफिलीतले किंवा दुसऱ्याच कोणी गायलेले गाणे येऊन बसू शकते. नोंदीत गाणे, कलाकार, अल्बम आणि लांबी हे चार रकाने असावेत. आयएसआरसी मिळाल्यास तो पाचव्या रकान्यात, आणि स्वतःची फाइल असल्यास ती कोणत्या फोल्डरमध्ये आहे ते सहाव्यात लिहावे.