निवृत्त कर्मचाऱ्याकडून नुकसानीची वसुली: आधी तारखा मोजा

माणूस निवृत्त झाला की नुकसानीचे प्रकरण संपले, हा समज चुकीचा आहे. ‘पेन्शन कुठे पळून जातेय, कधीही कापू’ हा तर त्याहून चुकीचा. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांबाबत रस्ता एकच: महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधला नियम २७. १ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर रुजू झालेल्यांची निवृत्तिवेतन योजना सहसा वेगळी असते, म्हणून सेवापुस्तकातली रुजू तारीख आधी पाहा.

तारखा

फाइलच्या पहिल्या पानावर तीन तारखा लिहा: घटना, निवृत्ती, दोषारोपपत्र. समजा, मोजमाप पुस्तिकेत (ठेकेदाराने केलेल्या कामाची मापे नोंदवायची वही) चुकीची नोंद झाली १४ ऑगस्ट २०२० रोजी, लेखापरीक्षणात ती सापडली मार्च २०२४ मध्ये आणि अभियंता निवृत्त होणार ३१ मे २०२४ ला. दोषारोपपत्र ३१ मेच्या आत निघाले, तर चौकशी निवृत्तीनंतरही तशीच पुढे चालते. घटनेपासून चार वर्षांच्या आत दोषारोपपत्र काढण्याची अट आड येत नाही. ते राहून गेले, तर सक्षम प्राधिकाऱ्याची पूर्वमंजुरी लागते आणि १४ ऑगस्ट २०२४ पर्यंत दोषारोपपत्र निघावेच लागते.

बहुतेक कार्यालये इथेच घसरतात. चार वर्षे लेखापरीक्षणाच्या आक्षेपापासून मोजली जातात. नियम मात्र घटनेपासून मोजतो. प्राथमिक चौकशी किंवा कारणे दाखवा नोटीस म्हणजे चौकशीची सुरुवात नव्हे. दोषारोपपत्र निर्गमित झाल्याची तारीख धरतात (आधीपासून निलंबन असेल तर निलंबनाची), म्हणून जावक क्रमांक आणि टपालाची पोच फाइलला लावून ठेवा. पूर्वमंजुरीशिवाय काढलेले दोषारोपपत्र मागाहून मंजुरी घेऊन वाचेल, या भरवशावर राहू नका.

दोषारोप

‘आपण कर्तव्यात कसूर करून शासनाचे नुकसान केले’ हे वाक्य हजार दोषारोपपत्रांत सापडते आणि त्यातून काहीच सिद्ध होत नाही. नियमाला गंभीर गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा हवा. नुसती अकार्यक्षमता किंवा अंदाजातली चूक पुरत नाही. असे लिहा: ‘दि. १४ ऑगस्ट २०२० रोजी प्रत्यक्ष मोजणी न करता मोजमाप पुस्तिकेत २४० घनमीटर काम नोंदवले. फेरमोजणीत १८५ घनमीटर आढळले. ५५ घनमीटरचे २,४०० रुपये दराने १,३२,००० रुपये जादा अदा झाले.’ त्यासोबत ती मोजणी त्याच्याकडेच होती हे दाखवणारा कार्यवाटपाचा आदेश कागदपत्रांच्या यादीत घाला. पुस्तिका मूळ हवी. झेरॉक्सवर भागवू नका, उलटतपासणीत अडचण होते.

घटना अनेक असतील तर प्रत्येक तारखेचा वेगळा दोषारोप ठेवा. एक मुदतबाह्य ठरला तरी बाकीचे टिकतात.

चौकशी महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ मधली, बडतर्फीसाठी असते तीच पूर्ण करायची: साक्षीदार, उलटतपासणी, बचावाची संधी. किरकोळ शिक्षेची आटोपशीर पद्धत निवृत्तीनंतर चालत नाही. अहवालाची प्रत देऊन म्हणणे मागवल्याशिवाय अंतिम आदेश काढू नका. महाराष्ट्र लोकसेवा आयोगाच्या कक्षेतले पद असेल तर आयोगाचा सल्लाही आधी घ्यावा लागतो आणि त्यात महिने जातात.

रक्कम

ठेकेदाराच्या अनामत रकमेतून काही वसूल झाले असेल तर ते आधी वजा करा. मग वाटा ठरवा. मोजणारा एक आणि तपासून सही करणारा दुसरा असेल, तर सगळा बोजा निवृत्तावर टाकणे सोपे असते, पण टिकत नाही. वाटा निम्मा, म्हणजे ६६,००० ठरला आणि निवृत्तीच्या दिवशीचे निवृत्तिवेतन ३६,००० असेल, तर (निवृत्तिवेतन न रोखता) नुसत्या वसुलीचा हप्ता सामान्यतः एक तृतीयांशाहून, म्हणजे १२,००० हून जास्त लावता येत नाही. साडेपाच महिन्यांत वसुली पुरी होते. एकूण रक्कम, हप्ता आणि सुरू होण्याचा महिना आदेशातच लिहा. नाहीतर कोषागार खुलासा मागत बसते.

चौकशी चालू असताना नियम १३० प्रमाणे तात्पुरते निवृत्तिवेतन द्यावेच लागते; उपदान (ग्रॅच्युइटी) थांबते. दोषारोपपत्रच निघालेले नसताना ‘चौकशी प्रस्तावित आहे’ म्हणून उपदान अडवले, तर मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) ते व्याजासकट देण्याची पाळी येऊ शकते.

जादा दिलेल्या पगाराची वसुली यात मिसळू नका. वेतननिश्चिती कार्यालयाने चुकवली असेल, तर सर्वोच्च न्यायालयाच्या डिसेंबर २०१४ च्या रफिक मसीह निकालाने निवृत्तांकडून अशी वसुली रोखली आहे. निष्काळजीपणाने झालेल्या नुकसानीचा प्रश्न वेगळा. दोन्हींची फाइलही वेगळी ठेवा.