उन्झेन समजून घेताना या चुका टाळा

ज्वालामुखी म्हटलं की आपण एक शंकू आणि त्याचं विवर शोधतो. जपानच्या क्यूशू बेटावरच्या उन्झेनबाबत इथूनच चूक सुरू होते. शिमाबारा द्वीपकल्पाची जमीन उत्तर-दक्षिण ताणली जाऊन मधला पट्टा खचलाय. त्यात वेगवेगळ्या काळी वर आलेले लाव्हाचे घुमट खेटून उभे आहेत: फुगेनदाके, म्योकेनदाके, मायुयामा. उन्झेन हे या अख्ख्या गोतावळ्याचं नाव.

सह्याद्रीवरूनही अंदाज बांधू नका. आपला काळा पाषाण पातळ लाव्हाचा, कोसच्या कोस पसरलेला. उन्झेनचा लाव्हा डेसाइट जातीचा, सिलिकामुळे इतका घट्ट, की तोंडाशीच साचून फुगतो. मे १९९१ मध्ये फुगेनदाकेवर असाच घुमट आला. त्याची कड तुटली की तापलेल्या दगड-राखेचा लोट उतारावरून सुटायचा. १९९५ पर्यंत असे हजारो लोट आले.

सगळ्यात जीवघेणी चूक म्हणजे, लोट नदीच्या पात्रातून येतो तर उंचवट्यावर भीती नाही, असं मानणं. ३ जून १९९१ च्या दुपारी जड दगड पात्र धरूनच गेले. पण त्यांच्यावरचा तप्त राखेचा ढग पात्र सोडून बाजूला चढला. बातमीदार, अग्निशमन दलाचे स्वयंसेवक, टॅक्सीचालक मिळून ४३ माणसं गेली. त्यांत ज्वालामुखीतज्ज्ञ मॉरिस आणि कातिया क्राफ्ट होते, हॅरी ग्लिकन होता. हाच ग्लिकन १९८० मध्ये अमेरिकेतल्या सेंट हेलेन्स ज्वालामुखीच्या निरीक्षण चौकीवरून स्फोटाच्या आदल्या दिवशी निघाल्यामुळे वाचला होता. हे वाचताना मला दरवेळी गलबलून येतं. ज्यांचं आयुष्य यातच गेलं, त्यांचाही अंदाज चुकला.

'उद्रेक नाही, म्हणजे धोका नाही' हेही खोटं. १७९२ मध्ये मायुयामातून लाव्हा आलाच नव्हता. भूकंपाने त्या जुन्या घुमटाची एक बाजू ढासळून आरिआके समुद्रात गेली आणि त्सुनामी उठली. दोन्ही किनाऱ्यांवर मिळून सुमारे १५,००० माणसं मेली. 'अनर्थ शिमाबारात, भोग हिगोला' अशा अर्थाची म्हण तिकडे आहे; हिगो म्हणजे समोरचा किनारा.

आणि लोट थांबले तरी पावसाकडे लक्ष ठेवा. मिझुनाशी नदीच्या नावाचा अर्थच 'पाणी नसलेली'. त्याच कोरड्या पात्रातून पावसाने राखेचा चिखल आणला. त्यात गाडली गेलेली घरं तशीच जपली आहेत. आत शिरायला दार दिसत नाही, जमिनीलगत फक्त कौलं दिसतात.