फुटबॉल क्विझचे प्रश्न काढताय? या चुका टाळा

कोल्हापुरात आमच्या मंडळाच्या फुटबॉल क्विझसाठी मी पहिल्यांदा प्रश्न काढले, तेव्हा त्यात एक प्रश्न होता: ‘इंग्लंडच्या लीगमध्ये सर्वाधिक गोल कोणाचे?’ माझ्या कागदावर उत्तर होतं ॲलन शिअरर, २६०. मागच्या रांगेतले एक काका उठून म्हणाले, “जिमी ग्रीव्हज. ३५७.” मी त्यांना शून्य गुण दिले. घरी जाऊन तपासलं तर काका बरोबर होते, आणि त्यांची टीम त्याच गुणाने हरली होती. ते मला अजून टोचतं.

शिअररचे २६० गोल प्रीमियर लीगमधले. इंग्लंडची ही अव्वल लीग १९९२ ला सुरू झाली, पण इंग्लंडमध्ये लीग फुटबॉल १८८८ पासून खेळलं जातंय. मधली १०४ वर्षं टीव्हीवर झळकणाऱ्या आकड्यांत नसतात. ग्रीव्हजचे ३५७ गोल त्याच वर्षांतले, जुन्या फर्स्ट डिव्हिजनमधले, म्हणजे तेव्हाच्या अव्वल विभागातले. खुद्द शिअररने साउदॅम्प्टनकडून तिथे केलेले २३ गोलही २६० मध्ये धरलेले नाहीत. एका हंगामाचं विचारलं तरी तोच घोळ. अर्लिंग हालांडचे २०२२-२३ चे ३६ गोल हा प्रीमियर लीगचा विक्रम, पण एव्हर्टनच्या डिक्सी डीनने १९२७-२८ च्या लीगमध्ये ६० गोल ठोकले होते. म्हणून प्रश्नात ‘प्रीमियर लीग’ किंवा ‘इंग्लंडचा अव्वल विभाग’ यांपैकी एक स्पष्ट लिहा. नुसतं ‘इंग्लंडच्या लीगमध्ये’ लिहिलंत की वाद ठरलेला.

युरोपातल्या क्लबांची स्पर्धा असलेल्या चॅम्पियन्स लीगचंही असंच आहे. हे नाव १९९२-९३ पासूनचं, त्याआधी ती युरोपियन कप होती. रिअल माद्रिदच्या पाको गेंतोने सहा वेळा हा कप जिंकला आणि २०२४ मध्ये मॉड्रिच, क्रूस, कार्वाहाल, नाचो त्याच्या बरोबरीला आले. पण ‘सहाही रिअलकडून’ असं लिहू नका. क्रूसचं पहिलं विजेतेपद २०१३ चं, बायर्न म्युनिककडून. गोल मोजताना मुख्य स्पर्धेआधीची पात्रता फेरीही बघा. क्रिस्टियानो रोनाल्डोचे गोल कुठे १४० दिसतात, कुठे १४१. तो एक जादा गोल पात्रता फेरीतला आहे.

आता बॅलन डी’ऑर, म्हणजे वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूचा पुरस्कार. सगळ्यात जास्त प्रश्न इथेच फसतात.

‘मॅराडोनाने हा पुरस्कार किती वेळा जिंकला?’ असं विचारलं की लोक एक, दोन असे अंदाज करतात. वार्षिक पुरस्कार त्याला एकदाही मिळाला नाही, कारण तो अर्जेंटिनाचा, त्याला मिळूच शकत नव्हता. १९५६ पासून १९९४ पर्यंत हा पुरस्कार फक्त युरोपीय खेळाडूंसाठी होता. १९९५ मध्ये युरोपातल्या क्लबांकडून खेळणाऱ्या कोणत्याही देशाच्या खेळाडूला तो खुला झाला आणि त्याच वर्षी लायबेरियाच्या जॉर्ज वेआने जिंकला. जगभरातल्या क्लबांसाठी दार उघडलं ते २००७ मध्ये. मॅराडोनाला १९९५ ला मिळाला तो सन्मान म्हणून दिलेला वेगळा पुरस्कार. या नियमामुळे ‘पहिला दक्षिण अमेरिकन विजेता कोण?’ हा प्रश्नसुद्धा अर्धवट ठरतो. अल्फ्रेडो डी स्टेफानो जन्माने ब्युनॉस आयर्सचा, पण १९५७ आणि १९५९ ला जिंकला तो स्पेनचा खेळाडू म्हणून. दक्षिण अमेरिकन देशाकडून खेळणारा पहिला विजेता मात्र ब्राझीलचा रोनाल्डो, १९९७ चा. जन्म विचारताय की राष्ट्रीय संघ, ते प्रश्नातच सांगा.

फिफाचा, म्हणजे जागतिक फुटबॉल संघटनेचा, सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार वेगळा, हेही विसरलं जातं. १९९४ ला बॅलन डी’ऑर बल्गेरियाच्या स्टोइचकोव्हला आणि फिफाचा मान ब्राझीलच्या रोमारिओला मिळाला. दोघेही त्या वर्षी बार्सिलोनाचेच. २०१० ते २०१५ एवढाच काळ हे पुरस्कार एकत्र होते.

नुसतं ‘रोनाल्डो’ लिहू नका, क्रिस्टियानो की ब्राझीलचा ते सांगा. ब्राझीलचा रोनाल्डो बार्सिलोना, रिअल माद्रिद, इंटर आणि मिलान या चारही क्लबांकडून खेळला, तरी चॅम्पियन्स लीग त्याला कधीच मिळाली नाही. देवनागरीत आणखी एक अडचण: जर्मनीच्या क्लबांत बायर्न म्हणजे म्युनिक आणि बायर म्हणजे लेव्हरकुसेन. फरक एका ‘न’चा, आणि शाबी अलोन्सो दोन्हीकडचा! बायर्नकडून तो खेळला, बायरला प्रशिक्षक म्हणून २०२३-२४ ची लीग एकही सामना न हरता जिंकून दिली.

लोनवर, म्हणजे काही काळासाठी दुसऱ्या क्लबला उसना, गेलेला खेळाडू त्या काळात कोणाचा धरायचा, हे आधी ठरवा. हॅरी केन बायर्नला जाईपर्यंत फक्त टॉटनहॅमकडून खेळला, असं सर्रास सांगितलं जातं. तरुणपणी तो लेटन ओरिएंट, मिलवॉल, नॉर्विच आणि लेस्टर या चार क्लबांना लोनवर होता. ऑगस्ट २०२० मध्ये बायर्नने बार्सिलोनाला ८-२ ने हरवलं, त्यातले दोन गोल कुटिन्योचे. तो तेव्हा बार्सिलोनाचाच, लोनवर आलेला खेळाडू होता.

शेवटी आपला लाडका प्रश्न: ‘युरोपात खेळलेला पहिला भारतीय कोण?’ बहुतेक जण बायचुंग भुतिया म्हणतात. पण कोलकात्याचा मोहम्मद सलीम १९३६ मध्ये स्कॉटलंडच्या सेल्टिककडून दोन सामने खेळला होता, बूट न घालता, पायांना पट्ट्या बांधून. सलीमचं नाव क्विझमध्ये दर वर्षी घेतलं जावं असं मला मनापासून वाटतं. भुतियाने १९९९ मध्ये इंग्लंडच्या बरी एफसीशी करार केला. बरी तेव्हा ‘सेकंड डिव्हिजन’मध्ये होती, म्हणून तिला दुसऱ्या पातळीचा क्लब समजलं जातं. प्रीमियर लीग आल्यावर खालच्या विभागांची नावं एकेक पायरी सरकली होती आणि सेकंड डिव्हिजन म्हणजे तिसरी पातळी होती. सुनील छेत्रीबद्दल ‘(पोर्तुगालच्या) स्पोर्टिंगकडून खेळला’ असं लिहिताना ‘ब संघाकडून’ लिहा. आणि गोलरक्षक गुरप्रीत सिंग संधूला ‘युरोपा लीगमध्ये (युरोपातल्या क्लबांच्या दुसऱ्या क्रमांकाच्या स्पर्धेत) खेळलेला पहिला भारतीय’ म्हणताना ‘पात्रता फेरीत’ हे शब्द गाळू नका. तो सामना २०१६ चा, नॉर्वेच्या स्टाबेककडून, वेल्सच्या कॉनाज क्वे नोमॅड्सविरुद्धचा.