स्कॉटिश हायलंड्सची खासगी एकदिवसीय सहल : या चुका टाळा

एडिनबरा किंवा ग्लासगोच्या विद्यापीठात शिकणाऱ्या मुलांना भेटायला गेलेले आईवडील, किंवा लंडनच्या सहलीला स्कॉटलंडचे दोन-तीन दिवस जोडणारी कुटुंबे, हायलंड्सचे डोंगर पाहण्यासाठी पुष्कळदा मोठ्या बसऐवजी स्वतंत्र गाडी आणि गाइड घेतात. त्यासाठी जे जादा पैसे मोजले जातात ते गाडीतल्या आरामशीर बैठकीचे नसतात. वाटेल तिथे थांबण्याची आणि हवा पाहून ऐनवेळी बेत बदलण्याची मुभा मिळावी, यासाठी ते मोजलेले असतात. पुढे सांगितलेल्या बहुतेक चुकांमध्ये ही मुभा सहल सुरू होण्याआधीच हातची जाते, म्हणून त्या आधी समजून घेणे आवश्यक आहे.

ठिकाणांची लांबलचक यादी

सर्वांत महागात पडणारी चूक नकाशासमोर बसून केली जाते. एडिनबऱ्याहून ग्लेन्को या दरीपर्यंतचे अंतर सुमारे १९० किलोमीटर आहे आणि मुंबई-पुण्याच्या द्रुतगती मार्गाची सवय असलेल्या माणसाला ते फारसे वाटत नाही. पण कॅलंडर गावाच्या पुढे रस्ता दोन पदरी आणि वळणावळणाचा होतो, पुढे एखादी कॅराव्हॅन किंवा मालट्रक लागला तर तो ओलांडायला लवकर जागा मिळत नाही, आणि कुठेही न थांबता गेले तरी अडीच ते तीन तास लागतात. ग्लासगोहून लॉख लोमंड या सरोवराच्या (लॉख म्हणजे सरोवर) काठाने गेल्यास दोन-सव्वादोन तास धरावेत. स्काय बेटावरील पोर्ट्री एडिनबऱ्याहून सुमारे ३८० किलोमीटरवर असून तिथे पोहोचायलाच पाच तासांहून अधिक लागतात. म्हणजे जाऊन-येऊन दहा-अकरा तास गाडीतच जातात. तरीही ‘ग्लेन्को, फोर्ट विल्यम, लॉख नेस आणि जमल्यास स्काय’ अशी मागणी नोंदवणारे प्रवासी असतात, आणि ती मागणी मान्य करून पैसे घेणारे व्यावसायिकही असतात. चालकाने वेग वाढवावा ही अपेक्षा तर अजिबात ठेवू नये. इन्व्हर्नेसकडे जाणाऱ्या ए-९ महामार्गावर डनब्लेनपासून पुढे २०१४ पासून सरासरी वेग मोजणारे कॅमेरे आहेत, आणि पश्चिमेकडील रस्त्यांवर वळणेच वेग ठरवतात.

ग्लेनफिनन येथील पुलाच्या बाबतीत हा हिशेब हमखास चुकतो. १८९७ ते १९०१ या काळात बांधलेला, २१ कमानींचा हा काँक्रीटचा रेल्वेपूल पाहायला जाणाऱ्या बहुतेकांना त्यावरून जाणारी वाफेच्या इंजिनाची गाडी पाहायची असते. ही गाडी साधारणपणे वसंतापासून शरदापर्यंतच धावते, आणि सकाळची फेरी फोर्ट विल्यमहून दहा वाजून गेल्यावर निघते. एडिनबऱ्याहून आठला निघालेली मोटार तोपर्यंत फोर्ट विल्यमलाही पोहोचलेली नसते. म्हणून त्या दिवसाचे वेळापत्रक स्वतः तपासावे, परतीच्या फेरीचा विचार करावा, आणि ते जमत नसेल तर ग्लेनफिननसाठी आदल्या रात्री फोर्ट विल्यममध्ये मुक्काम ठेवावा. गाडी येण्याच्या वेळी तिथला वाहनतळ भरून जातो, हेही लक्षात ठेवावे.

माझे मत स्पष्ट आहे : एडिनबऱ्याहून एका दिवसात एकच मोठी दरी नीट पाहावी. स्टर्लिंग, कॅलंडर, किलिन येथील डोखर्टचे धबधबे, क्रिअनलॅरिक, रॅनोख मूरची दलदलीची विस्तीर्ण माळरानं आणि मग ग्लेन्को, परतताना लॉख लोमंड, एवढ्याने दिवस भरतो आणि वाटेत चार वेळा उतरून चालताही येते. सोबत वयस्कर माणसे असतील तर ए-९ वरून डंकेल्ड, पिट्लॉख्री आणि लॉख टमेलवरील क्वीन्स व्ह्यू ही देखावा पाहण्याची जागा, हा मार्ग अधिक चांगला, कारण गाडीत बसण्याचा वेळ जवळपास निम्म्यावर येतो. लॉख नेसचे नाव मोठे असले तरी एडिनबऱ्याहून एका दिवसात त्याचा हट्ट धरू नये. इन्व्हर्नेसमध्ये मुक्काम असेल तर ते सरोवर अर्ध्या तासावर आहे आणि उरलेला दिवस जुन्या पाइन वृक्षांच्या ग्लेन ॲफ्रिक या दरीसाठी किंवा केर्नगॉर्म्सच्या डोंगरांसाठी मिळतो.

याच हिशेबात उजेड धरायला हवा. जूनच्या अखेरीस एडिनबऱ्यात सुमारे साडेसतरा तास दिवस असतो आणि सूर्य रात्री दहाच्या सुमारास मावळतो. डिसेंबरमध्ये तोच दिवस सात तासांवर येतो आणि दुपारी पावणेचारला अंधारू लागते. नाताळच्या सुट्टीत जाणाऱ्यांनी उन्हाळ्यातील वर्णने वाचून कार्यक्रम आखला, तर परतीचा सगळा रस्ता काळोखात जातो.

आरक्षणाच्या वेळी न विचारलेले प्रश्न

भाडे माणशी आहे की संपूर्ण गाडीचे, तासांची मोजणी हॉटेलच्या दारापासून दारापर्यंत आहे की शहराबाहेर पडल्यापासून, ठरल्यापेक्षा उशीर झाल्यास तासाला किती आकार पडतो, किल्ल्यांचे प्रवेशशुल्क त्यात आहे का आणि रद्द केल्यास किती रक्कम परत मिळते, ही उत्तरे लेखी घ्यावीत. आठपर्यंत प्रवासी नेणाऱ्या भाड्याच्या गाडीला आणि चालकाला स्थानिक कौन्सिलचा परवाना लागतो. त्याहून मोठ्या वाहनाला वेगळा परवाना आवश्यक असतो. परवाना आणि भाड्याच्या प्रवाशांसाठीचा विमा यांविषयी थेट विचारण्यात संकोच वाटू देऊ नये. नियमाने व्यवसाय करणारा माणूस आनंदाने माहिती देतो. ओळखीच्या ओळखीतून मिळालेली, परवाना नसलेली स्वस्त गाडी घेतली आणि अपघात झाला, तर विमा कंपनी हात वर करू शकते.

चालक आणि गाइड एकच आहे का, हेही आधी जाणून घ्यावे. काही गाड्यांबरोबर केवळ चालक येतो आणि प्रवाशांना दिवसभर कोणी काही सांगत नाही. स्कॉटिश टुरिस्ट गाइड्स असोसिएशनचे ब्लू बॅज असलेले गाइड प्रशिक्षण घेऊन आणि परीक्षा देऊन संपूर्ण स्कॉटलंडसाठी पात्र ठरलेले असतात. बॅज नसलेला गाइड वाईटच असतो असे नाही, पण माणूस पूर्ण अनोळखी असताना ही खूण उपयोगी पडते.

लहान मूल बरोबर असल्यास त्याचे वय आणि उंची आरक्षण करतानाच कळवावी. ब्रिटनमध्ये मूल १२ वर्षांचे किंवा १३५ सेंटिमीटर उंच होईपर्यंत त्याला योग्य आसन लागते. भाड्याच्या गाड्यांना यात काही सवलत असली, तरी मुलाच्या सुरक्षिततेसाठी आसन मागून घ्यावेच. प्रवासी सात आणि मोठ्या बॅगा सात असा प्रकार असेल तर तोही आधी सांगावा. आठ आसनांच्या गाडीत सगळ्या खुर्च्या भरल्या की मागे सामानाला फार थोडी जागा उरते.

पावसाला नावे ठेवणे

पश्चिम हायलंड्सच्या काही भागांत वर्षाला ३००० मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, तर पूर्व किनाऱ्यावरील एडिनबऱ्यात त्याच्या एक चतुर्थांशही पडत नाही. सह्याद्रीच्या घाटमाथ्यावर याहून जास्त पाऊस होतो, पण तो चार महिन्यांत कोसळून जातो. इथला पाऊस वर्षभर येतो, बारीक असतो आणि वाऱ्यामुळे आडवा येतो. त्यामुळे छत्री उलटी होण्यापलीकडे काही घडत नाही. टोपी असलेले जलरोधक जॅकेट, आत एखादा लोकरीचा थर आणि भिजली तरी न घसरणारी पादत्राणे जुलैतही हवीत. जीन्स भिजली की दिवसभर वाळत नाही, आणि नव्या पांढऱ्या बुटांची पीटच्या, म्हणजे दलदलीतल्या काळ्या मातीच्या, चिखलात काही मिनिटांत वाट लागते.

ढग खाली उतरून ग्लेन्कोची शिखरे दिसेनाशी झाली की पुष्कळ प्रवासी निराश होऊन गाडीतच बसतात, आणि इथेच खासगी सहलीची मुभा वापरायची असते. सकाळी निघण्यापूर्वीच गाइडला विचारावे : आज कोणत्या बाजूला उघडीप आहे? पश्चिमेकडून येणारे ढग डोंगरांवर रिकामे होतात, त्यामुळे ग्लेन्कोत धुके असताना पूर्वेकडे पर्थशरमध्ये किंवा केर्नगॉर्म्समध्ये ऊन असू शकते. पश्चिमेलाच जायचे ठरले, तर पावसाने फुगलेले धबधबे पाहावेत. लॉख लोमंडच्या उत्तरेचा फॅलोखचा धबधबा त्या दिवशी ऐन भरात असतो. यासाठी एकच पथ्य आहे : किल्ल्याची किंवा नौकेची वेळ ठरलेली, पैसे परत न मिळणारी तिकिटे दिवसाच्या मधोमध घेऊन ठेवू नयेत.

मे ते सप्टेंबर या काळात वारा पडला की मिज नावाच्या बारीक चावऱ्या माश्यांचे थवे उठतात, विशेषतः सकाळी, संध्याकाळी आणि पाण्याजवळ. ताशी दहा-बारा किलोमीटर वारा असला तरी त्यांना उडता येत नाही, म्हणून जेवणासाठी आडोशाची जागा शोधण्यापेक्षा उघडी जागा निवडावी. चेहऱ्यावरची जाळी अगदी थोड्या पैशांत मिळते. उंच गवतातून चालल्यास परतल्यावर पायांवर गोचीड चिकटली आहे का ते पाहावे, कारण तिच्यामुळे लाइम रोग होऊ शकतो.

जेवण गृहीत धरणे

शाकाहारी माणूस हायलंड्समध्ये उपाशी राहत नाही. मसुरीचे सूप, भाजलेला बटाटा, चीज टोस्टी आणि शाकाहारी हॅगिस (एरवी मांसाचा असणारा स्कॉटिश पदार्थ) बऱ्याच ठिकाणी मिळते. अडचण येते ती वेळेची, कारण गावे लांब लांब आहेत आणि पबचे स्वयंपाकघर दुपारच्या जेवणानंतर संध्याकाळपर्यंत बंद असू शकते. दीड वाजता जेवून घ्यावे. ‘आणखी एक ठिकाण पाहून मग’ असे म्हणत तीन वाजवू नयेत. भाज्यांचे सूप कोंबडीच्या किंवा मांसाच्या पाण्यात केलेले असू शकते, आणि काही दुकानांत चिप्स गोमांसाच्या चरबीत तळतात, म्हणून प्रत्येक ठिकाणी विचारावे. कांदा-लसूण न खाणाऱ्यांनी डबा बरोबर ठेवावा. थेपले किंवा दशम्या दिवसभर टिकतात आणि सरोवरकाठी बसून खाता येतात. स्वच्छतागृहाचेही असेच आहे : टिन्ड्रमला थांबल्यावर गरज नसली तरी जाऊन यावे, कारण पुढे रॅनोख मूर ओलांडेपर्यंत फारशी सोय नाही.

गाइडला केवळ चालक समजणे

दिवसभराच्या सोबतीत गाइडला काहीच न विचारणे हे मला सर्वांत मोठे नुकसान वाटते. ओसाड दऱ्या पाहून ‘किती अस्पर्श निसर्ग’ असे सहज म्हटले जाते, पण त्यांतल्या कित्येक दऱ्या माणसांना उठवून रिकाम्या केलेल्या आहेत. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत जमीनदारांनी कुळांना हुसकावून तिथे मेंढ्या आणल्या. सदरलंड जहागिरीतील स्ट्रॅथनेव्हरमध्ये १८१४ आणि १८१९ साली झालेली हकालपट्टी त्यांतली विशेष कुप्रसिद्ध आहे. रस्त्याकडेला दिसणारे छप्पर नसलेले दगडी चौथरे कोणाचे, असे विचारले की गाइडचा स्वरच बदलतो.

ग्लेन्कोमध्ये १३ फेब्रुवारी १६९२ च्या पहाटे, जवळजवळ दोन आठवडे पाहुणचार घेतलेल्या सैनिकांनी तिथे राहणाऱ्या मॅकडोनल्ड घराण्यातील सुमारे ३८ जणांना ठार केले आणि बर्फात पळालेले आणखी कित्येक थंडीने मेले. ती दरी स्वतः सुमारे ४२ कोटी वर्षांपूर्वीच्या, आत कोसळलेल्या ज्वालामुखीचा अवशेष आहे. आपल्या सह्याद्रीचा बेसाल्ट सुमारे ६.६ कोटी वर्षांचा, म्हणजे त्यापुढे बराच तरुण. मराठी वाचकाला जवळचा असा आणखी एक धागा आहे. २३ सप्टेंबर १८०३ रोजी जालना जिल्ह्यातील असई येथे शिंदे आणि भोसले यांच्या फौजेविरुद्ध लढलेल्या इंग्रजी सैन्यात ७४ आणि ७८ क्रमांकाच्या हायलंडर पलटणी होत्या. ७८ व्या पलटणीच्या वारसदार रेजिमेंटचे संग्रहालय इन्व्हर्नेसजवळील फोर्ट जॉर्ज किल्ल्यात आहे. मुक्काम इन्व्हर्नेसला असल्यास ते पाहावे आणि गाइडला असईविषयी सांगावे. तिथे माहिती देणारे आपणही असू शकतो.

आपली आवड आरक्षणाच्या पत्रातच दोन ओळींत लिहावी : भूशास्त्र, पक्षी, इतिहास, छायाचित्रण, की फक्त शांतपणे चालणे. न लिहिल्यास गाइड सर्वांना चालणारा ठरावीक कार्यक्रम करतो, आणि त्याला दोष देता येत नाही.

वाटेत अडचण आल्यास

टार्बेटच्या उत्तरेला लॉख लोमंडलगतचा ए-८२ रस्ता अरुंद आणि नागमोडी आहे. गाडी लागणाऱ्याने पुढच्या आसनावर बसावे आणि गोळी निघण्यापूर्वीच घ्यावी, मळमळ सुरू झाल्यावर ती उपयोगी पडत नाही. अपघातामुळे ग्लेन्कोतील रस्ता बंद झाला तर जवळचा पर्यायी मार्ग नसतो. पूर्वेकडे ए-९ जवळ असलेल्या डॅलविनी गावाकडून वळसा घालून यायला तासन्‌तास लागतात. म्हणून परतीच्या संध्याकाळी विमान किंवा लंडनची रेल्वे ठेवू नये. दऱ्यांमध्ये मोबाइलला बऱ्याच ठिकाणी रेंज नसते. नकाशा आधी उतरवून घ्यावा आणि दोन कुटुंबे वेगवेगळ्या वाटांनी फिरणार असतील तर भेटण्याची वेळ व जागा तोंडी पक्की करावी.

सहल ठरल्याप्रमाणे होत नसेल, उदाहरणार्थ गाइड सारखा दुकानांपाशीच थांबत असेल किंवा चालायला वेळ देत नसेल, तर ते दुपारच्या जेवणापर्यंत नम्रपणे पण स्पष्ट सांगावे. आपल्याकडे पाहुण्याने तक्रार करू नये असा संकोच असतो आणि मग घरी परतल्यावर कडवट अभिप्राय लिहिला जातो. दुपारी सांगितल्यास निम्मा दिवस सुधारता येतो. गाडी बिघडली किंवा कबूल केलेला मोठा भाग वगळला गेला, तर त्याच संध्याकाळी वेळ आणि ठिकाणांसह ईमेल पाठवावा. पैसे क्रेडिट कार्डाने दिलेले असतील तर कंपनीने दाद न दिल्यास बँकेकडे दावा करता येतो. समाधान झाले असेल तर बक्षिशी द्यावी. ती बंधनकारक नाही, मात्र दहा टक्क्यांच्या आसपास देण्याची पद्धत आहे.