आउशवित्झला जायचंय? मग आधी हे वाचून घ्या

पोलंडमधल्या क्राकोला जाणारे बरेच जण आउशवित्झ, म्हणजे दुसऱ्या महायुद्धातली नाझींची छळछावणी, पण प्लॅनमध्ये घुसवतात, पण ही घाईघाईत उरकायची जागा नाहीये. एन्ट्री फ्री आहे, तरी पास मेमोरियलच्या (तो कॅम्प आता स्मारक आहे) ऑफिशियल साइटवरूनच नावानिशी बुक करावा लागतो, आयडी जवळ ठेवा आणि मोठी बॅग नेऊ नका. गाइडेड टूरचे पैसे लागतात पण घ्याच, साडेतीन तास धरून चाला.

जायच्या आधी, नाझींच्या तावडीतून जिवंत वाचलेल्या एखाद्या माणसाची मुलाखत बघा, अशा मुलाखती जपणाऱ्या अमेरिकेतल्या यूएससी शोआ फाउंडेशनकडे ५० हजारांच्या वर आहेत. पुढे पळवत बघू नका, तो मध्येच गप्प होतो तेही ऐका, मग तिथला मेलेल्यांचा आकडा नुसता आकडा राहत नाही.

मेन कॅम्पपासून बिर्केनाऊ, म्हणजे आउशवित्झचाच दुसरा, मोठा कॅम्प, ३ किलोमीटरवर, शटल बस असते. लोक दमतात आणि बिर्केनाऊ टाळतात, तसं अजिबात करू नका, कारण मारल्या गेलेल्या साधारण ११ लाख लोकांपैकी, ज्यातले १० लाखांच्या आसपास ज्यू होते, बहुतेक तिथेच मारले गेले आणि एसएसवाल्यांनी (कॅम्प चालवणारं नाझी दल) पुरावा नको म्हणून उडवलेल्या गॅस चेंबरचे ढिगारे अजून तसेच पडलेत.

मेन कॅम्पच्या ब्लॉक ४ मध्ये बायकांचे कापलेले केस ठेवलेत, त्या खोलीत आणि ब्लॉक ११ च्या तळघरात फोटो काढायला बंदी आहे. बाकी ठिकाणी चालतात, पण बिर्केनाऊत कैद्यांच्या गाड्या यायच्या त्या रुळांवर पोझ देऊन सेल्फी काढणाऱ्यांना काय बोलणार!

१४ वर्षांखालच्या मुलांना न नेलेलं बरं, मेमोरियल पण तेच सांगतं. आणि त्या संध्याकाळी दुसरा काही प्रोग्राम ठेवू नका.