‘क्ष’ आला, पण सेवा कुठली घ्यायची?

शाळेत एकचल समीकरणं मला कधी जड गेली नाहीत. पक्षांतर केलं, चिन्ह बदललं, क्ष ची किंमत काढली, की गणित संपलं. गडबड झाली ती नोकरीत, दोन सेवांची दरपत्रकं समोर ठेवून ‘यातली कुठली घ्यायची?’ असं विचारलं गेलं तेव्हा. नव्याने अशा कामात पडलेल्यांना माझी फजिती उपयोगी पडेल.

आधी सोपं रूप बघू. एका सेवेला दरमहा ठरावीक २४० आणि शिवाय दर वापराला २. दुसरीला ठरावीक काही नाही, पण दर वापराला ५. (चलन कुठलंही धरा.) महिन्यातले वापर क्ष मानले तर २४० + २क्ष = ५क्ष, म्हणून ३क्ष = २४० आणि क्ष = ८०. इथे मी पेन खाली ठेवायचो. पण ८० हे ‘स्वस्त कुठली’ याचं उत्तर नाहीच. ८० वापरांना दोन्हींचं बिल ४०० येतं, एवढंच ते सांगतं. स्वस्त कुठली ते कळायला क्ष च्या जागी शून्य टाकून बघायचं: पहिलीचं बिल २४०, दुसरीचं शून्य. म्हणजे ८० च्या आत दुसरी परवडते, ८० च्या वर पहिली.

आता माझी चूक. फायलींचं रूपांतर करून देणाऱ्या दोन सेवा होत्या. पहिली दरमहा ६०० घ्यायची आणि पुढे दर फाइलला ८. दुसरी सरळ दर फाइलला ७. मी मांडलं: ६०० + ८क्ष = ७क्ष. उत्तर आलं उणे ६००. उणे फायली कोण पाठवणार? म्हणजे पहिली कायमच महाग, असा निष्कर्ष काढून मी दुसरी सुचवली, आणि तीच घेतलीही गेली. उत्तर ऋण आलं की बऱ्याचदा अर्थ तोच असतो, तेवढं माझं चुकलं नव्हतं. चुकली होती मांडणी. पहिल्या १०० फायली त्या ६०० मध्येच धरलेल्या होत्या, आणि ही अट दरपत्रकाच्या तळाशी बारीक अक्षरांत होती. आम्हाला महिन्याला साधारण १५० फायली लागायच्या. त्याचे पहिलीकडे १००० झाले असते, आम्ही १०५० भरत होतो. हे लक्षात यायला सहा महिने गेले.

अशी अट असली की एका समीकरणावर भागत नाही, तुकडे पाडावे लागतात. १०० फायलींपर्यंत ६०० = ७क्ष, म्हणजे क्ष साधारण ८५.७. फाइल अर्धी पाठवता येत नाही, म्हणून ८५ फायलींना दुसरी स्वस्त (५९५) आणि ८६ ला पहिली (दुसरीचं बिल ६०२). १०० च्या पुढे ६०० + ८(क्ष − १००) = ७क्ष, म्हणजे ८क्ष − २०० = ७क्ष, क्ष = २००. बरोबरीच्या जागा दोन निघाल्या! ८६ ते १९९ या पट्ट्यात पहिली स्वस्त, २०० ला दोन्ही सारख्या, बाकी सगळीकडे दुसरी. कंसातलं ‘क्ष − १००’ विसरलात तर माझ्यासारखंच उणे ६०० हाती येईल. आणि प्रत्येक तुकड्याचं उत्तर त्या तुकड्याच्या हद्दीत बसतंय ना, तेही बघा. पहिल्या तुकड्यात क्ष ३०० आला, तर तो टाकून द्यायचा.

एकक तपासणं ही त्यामानाने किरकोळ गोष्ट. एक सेवा तासावर आणि दुसरी मिनिटावर पैसे घेत असेल, तर आधी दोन्ही एकाच मापात आणा.

थोडं विषयांतर. भास्कराचार्य बाराव्या शतकात अज्ञात राशीला ‘यावत्तावत्’ म्हणत, म्हणजे ‘जितकं तितकं’. मला हे नाव क्ष पेक्षा आवडतं, कारण ‘जितकं’ म्हणजे नक्की कितकं, हा प्रश्न ते विसरू देत नाही. आणि मी पुढे अडकलो तो तिथेच.

चूक कळल्यावर मी हिशेब नव्याने मांडला आणि ‘पहिली घेऊ या’ असं सांगायला गेलो. शेजारच्या सहकारी म्हणाल्या, “महिन्यामहिन्याचे आकडे दाखव.” १५० ही सरासरी होती. प्रत्यक्षात एक महिना ५० फायलींचा, तर पुढचा २५० चा, असंच चक्र चालू होतं. पहिलीचं बिल ६०० आणि १८००, म्हणजे दोन महिन्यांचे २४००. दुसरीचं ३५० आणि १७५०, म्हणजे २१००. चुकीच्या समीकरणावरून निवडलेली सेवाच आम्हाला स्वस्त पडत होती. ती आम्ही बदलली नाही. माझ्या कागदावरचे ‘१०००’ आणि ‘१०५०’ तेवढे खोडले.